खो मिळालाय, उठू का?

*पत्राचा सारांश : लिहिणारी अमळनेर तालुक्यातल्या एका गावची. वय १९, बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला. आठ वर्षं खो-खो खेळतेय. दोनदा राज्यस्तरावर जाऊन आली. गेल्या हिवाळ्यात आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेच्या तोंडावर कॉलेजातली एक मुलगी आजारी पडली आणि क्रीडा संचालकांनी हिला ४०० मीटर अडथळ्यांच्या शर्यतीत उतरवलं. दोन आठवड्यांच्या सरावावर ती ७८ सेकंदांत चौथी आली. आता संचालक म्हणतात, खो-खो सोड, हर्डल्स धर. गावच्या खो-खोच्या सरांनी आठ वर्षं एक पैसा न घेता शिकवलं, वेळप्रसंगी एसटीचं भाडंही खिशातून दिलं. ते महिनाभर बोललेले नाहीत. वडील कापूस-मका करतात. त्यांना वाटतं पोरीने पोलीस भरतीच्या मागे लागावं. हिला दोन्ही खेळ हवेत. ती विचारते, "दोन दगडांवर पाय ठेवला की माणूस पडतो म्हणतात. सरांच्या लेखी मी गद्दार झाले. खरंच आहे का मी गद्दार?"*

पोरी,

तुझं चार पानी पत्र दोनदा वाचलं. दुसऱ्यांदा वाचताना हातात पेन्सिल घेतली. 'सर' हा शब्द सव्वीस वेळा आलाय, 'बाबा' अकरा वेळा. आणि 'मला मजा आली' हे एकदाच, तेही तिसऱ्या पानाच्या समासात, आडवं लिहायला जागा नव्हती म्हणून उभं लिहिलेलं : "सहाव्या अडथळ्यानंतर पायात गोळे आले, तरी मला मजा आली." आता, उत्तर त्या समासात आहे असं सांगून मी मोकळी होणार नाही. पहिल्या शर्यतीत मजा सगळ्यांनाच येते. दहावीनंतर मी धुळ्याला तीन महिने व्हायोलिन शिकले होते, मलाही यायची.

पण तू विचारलंस ते खेळाबद्दल नाहीच. 'गद्दार आहे का मी' हे विचारलंस. सरांनी केलेलं कसं फेडायचं हा एक हिशोब, आणि येत्या डिसेंबरात कुठल्या मैदानावर उभं राहायचं हा दुसरा. तू दोन्ही एकाच वहीत मांडलेस, म्हणून बेरीज लागत नाहीये. सरांनी तुला शिकवलं ते तू त्यांच्याकडे जन्मभर खेळशील या करारावर शिकवलं नव्हतं. तसा करार असता तर त्यांनी भाड्याचे पैसे परत मागितले असते. मागितलेत का? नाही ना.

तरी सरांची बाजू जरा बघू. खेड्यात मुलींचा खो-खोचा संघ उभा करायचा म्हणजे नदीच्या पात्रात वाळूचा बांध घालायचा, दर पावसाळ्यानंतर नव्याने. दहावी झाली की दोघी गळतात, बारावीनंतर चौघी. एखादीचं लग्न ठरतं, एखादीला कापूस वेचणीमुळे दिवाळीनंतर मैदानावर येताच येत नाही. आठ वर्षं टिकलेली तू एकटी. शिवाय तूच लिहिलंयस की हर्डल्सची बातमी त्यांना तुझ्या तोंडून कळली नाही, कॉलेजच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवरच्या फोटोतून कळली. इथे चूक तुझी आहे. तुझ्या बाकीच्या तीन पानांत तू स्वतःला ज्या ज्या गोष्टींसाठी दोषी धरलंयस त्यातलं मला काही पटलं नाही, पण हे पटलं. दुसऱ्या मैदानावर गेलीस याबद्दल माफी मागायची गरज नाही. सांगितलं नाहीस याबद्दल माग.

आता ते 'आठ वर्षं वाया' प्रकरण. संचालक म्हणतात, खो-खोमुळे तुझं धावणं बिघडलंय, सगळं पुसून पहिल्यापासून शिकावं लागेल. अर्धं खरं आहे. खो-खोत सरळ असं धावतोच किती आपण? दोन खांबांमध्ये वळणं, झुकांड्या, खांबाला धरून गर्रकन फिरणं, शेवटी झेप. सगळा खेळ थांबून पुन्हा सुटण्याचा. चारशे मीटरच्या हर्डल्समध्ये याच्या उलट, थांबलीस की संपलीस. दहा अडथळे, मुलींसाठी ७६.२ सेंटिमीटर उंच, म्हणजे साधारण आपल्या स्वयंपाकघरातल्या ओट्यापेक्षा थोडे खाली. पहिला ४५ मीटरवर, पुढचे दर ३५ मीटरवर, आणि शेवटच्यानंतर ४० मीटर नुसती धाव. त्या पस्तीस मीटरमध्ये पावलं मोजून टाकावी लागतात. तो ताल खो-खोत नाही, तो नव्यानेच शिकावा लागेल.

पण संचालकांनी एक गोष्ट पाहिलेली दिसत नाही. दोन अडथळ्यांमध्ये पावलं विषम पडली, समज सतरा, तर दर वेळी तोच पाय पुढे जातो. अंगात दम असेपर्यंत ठीक. सहाव्या-सातव्या अडथळ्याच्या पुढे पाय जड होतात, पाऊल आखूड पडतं, सतराची अठरा होतात आणि दुसराच पाय पुढे टाकायची वेळ येते. त्या क्षणी बऱ्याच मुली अडथळ्यासमोर टुकुटुकु पावलं टाकत अडखळतात, कारण दुसऱ्या पायाची सवयच नसते. तू आठ वर्षं खांबाला डावीकडूनही वळलीस आणि उजवीकडूनही. पाटीवर बसून मागून खो मिळाला की ज्या बाजूला जायचं त्या बाजूचा पाय आपोआप पुढे टाकलास. तुझ्याकडे दोन्ही पाय आहेत. सहाव्यानंतर गोळे येऊनही तू न पडता चौथी कशी आलीस, याचं एक कारण मला तरी हे दिसतं. संचालकांना विचार, तुझा दुसरा पाय त्यांनी तपासलाय का.

याच शर्यतीबद्दल एक ऐक. मुलींची ४०० मीटर हर्डल्स ऑलिंपिकमध्ये पहिल्यांदा धावली गेली १९८४ला, लॉस एंजेलिसला. पी. टी. उषाचं पदक तिथे एका सेकंदाच्या शंभराव्या भागाने हुकलं, ती चौथी आली. त्याआधी ती १०० आणि २०० मीटर धावायची, १९८२च्या दिल्ली एशियाडची तिची दोन्ही रौप्यपदकं त्यातलीच. हर्डल्स तिच्यासाठी नवीनच होत्या. तिची ती ५५.४२ सेकंदांची वेळ ३९ वर्षं कुणा भारतीय मुलीला गाठता आली नाही. २०२३ला हांगझोऊ एशियाडमध्ये विद्या रामराजने बरोब्बर तितकीच वेळ दिली. तुझी वेळ ७८. साडेबावीस सेकंदांचं अंतर आहे, आणि ते मी गोड बोलून कमी करणार नाही. मातीवर चुन्याने आखलेल्या ट्रॅकवर, दोन आठवड्यांच्या सरावावर ७८ ही वाईट सुरुवात नाही, इतकंच म्हणते.

आता दोन दगड. बाबांचं वाक्य तू जसंच्या तसं लिहिलंस, "एक धर, एक सोड." माझे आजोबाही अगदी हेच म्हणायचे, दोन बैलजोड्यांबद्दल. पण खेळांच्या बाबतीत ही म्हण किती खरी आहे ते तपासून बघायला हवं.

२०१०चा महिलांच्या टी-ट्वेंटी विश्वचषकाचा अंतिम सामना घे. बार्बाडोसला, ऑस्ट्रेलिया विरुद्ध न्यूझीलंड. शेवटचा चेंडू, न्यूझीलंडला पाच धावा हव्यात. गोलंदाज एलिस पेरी, वय १९, तुझ्याइतकीच. समोर सोफी डिव्हाइन. डिव्हाइनने सरळ, सणसणीत मारला. चौकार गेला असता तर सामना बरोबरीत सुटून सुपर ओव्हर झाली असती. पेरीने हात घातला नाही, उजवा पाय आडवा टाकला. चेंडू बुटाला लागून मिड-ऑनच्या दिशेने वळला, ऑस्ट्रेलिया तीन धावांनी जिंकलं. क्रिकेटचं कुठलंही प्रशिक्षण तुला गोलंदाजी करून पुढे जाताना पायाने चेंडू अडवायला शिकवत नाही. पेरी ऑस्ट्रेलियाकडून फुटबॉलही खेळायची! सोळाव्या वर्षी, २००७ला, ती दोन्ही राष्ट्रीय संघांत आली होती आणि २०११च्या फुटबॉल विश्वचषकात स्वीडनविरुद्ध तिने गोलही केला. मजा म्हणजे समोरची डिव्हाइन न्यूझीलंडकडून हॉकी खेळलेली, आणि त्याच संघातली सुझी बेट्स २००८च्या बीजिंग ऑलिंपिकमध्ये बास्केटबॉल खेळून आलेली. त्या मैदानावर दोन दगडांवर पाय असलेल्या निदान तिघी तरी होत्या, आणि तिघीही चांगल्या उभ्या होत्या.

गोष्ट इथेच संपवली तर मात्र ती अर्धी राहील. पेरीच्या वेळापत्रकात दोन खेळ एकमेकांवर आदळायला लागले. क्लबला सगळी वेळ हवी, देशाला सगळी वेळ हवी. २०१३नंतर ती फुटबॉलच्या राष्ट्रीय संघातून खेळली नाही, क्रिकेट राहिलं. म्हणजे बाबांचं म्हणणं तिच्या बाबतीतही शेवटी खरं ठरलं. फक्त ती निवड तिने सोळाव्या वर्षी, कुणी रुसलं म्हणून केली नाही. दोन्हीकडे सहा वर्षं खेळून झाल्यावर झाली. उलटा प्रवासही असतो. अ‍ॅश्ले बार्टीने टेनिस सोडलं, ब्रिस्बेनकडून व्यावसायिक क्रिकेट खेळली, परत टेनिसला आली आणि २०१९ला फ्रेंच ओपन, २०२१ला विम्बल्डन जिंकली. कॅनडाच्या क्लारा ह्यूजने सायकलिंगमध्ये १९९६ला दोन ऑलिंपिक कांस्यपदकं घेतली आणि दहा वर्षांनी बर्फावरच्या स्पीड स्केटिंगमध्ये सुवर्ण. आपल्याकडे पिंकी बल्हारा मूळची ज्युदोची. २०१८च्या एशियाडमध्ये कुराश या कुस्तीसारख्याच खेळात उतरली आणि रौप्य घेऊन आली. ज्युदोत शिकलेली पकड कुराशमध्ये कामाला आली.

या सगळ्यांना फिजिओ होते, करार होते, विमानाची तिकिटं होती. तुला पहाटेची एसटी आहे आणि मे महिन्यात सकाळी नऊलाच चटके देणारं ऊन आहे. त्यामुळे 'पेरीला जमलं तर तुलाही जमेल' असं मी म्हणत नाही. दोन खेळ खेळणं हा काही गुन्हा किंवा चंचलपणा नाही, पण कधीतरी वेळापत्रकात टक्कर होते, आणि तेव्हा निवडावं लागतं. तुझी टक्कर अजून झालेली नाही. आत्ता जी झालीय ती दोन माणसांच्या अपेक्षांची आहे.

बाबांकडे वळू. त्यांना हसू नकोस. आपल्याकडे पहाटे चारला हायवेच्या कडेने मोबाइलचा टॉर्च लावून धावणारी पोरं-पोरी दिसतात, ती सगळी भरतीसाठी. पक्की नोकरी म्हणजे काय हे ज्याने कापसाचा भाव पडताना पाहिलाय त्याला विचारावं. पण बाबांना एक गोष्ट कागदावर लिहून दाखव. पोलीस शिपाई भरतीत मुलींच्या मैदानी चाचणीला ५० गुण. त्यात ८०० मीटर, १०० मीटर आणि गोळाफेक. चारशे मीटर हर्डल्सचा सराव करणारी मुलगी १०० मीटरचा वेगही कमावते आणि ८०० मीटरचा दमही. तुझी हर्डल्स म्हणजे बाबांच्या भरतीतल्या मैदानी चाचणीची निम्म्याहून जास्त तयारी. गोळा तेवढा आठवड्यातून दोनदा वेगळा टाकावा लागेल, लेखी परीक्षेचा अभ्यास वेगळा.

दुसरं, सरकारी नोकऱ्यांत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे. त्यासाठी प्रमाणपत्राची पडताळणी लागते. आपल्या जळगाव, धुळे, नंदुरबारसाठी ती नाशिकच्या विभागीय क्रीडा उपसंचालकांकडे होते. कुठल्या स्पर्धेतल्या कुठल्या कामगिरीवर कुठल्या दर्जाच्या पदाला अर्ज करता येतो हे ठरलेलं असतं, आणि नुसत्या सहभागाच्या प्रमाणपत्रावर खूप मुलं चुकीची आशा लावून बसतात. उद्याच जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयात जा, खो-खोची सगळी प्रमाणपत्रं घेऊन, आणि यातलं काय चालतं ते विचारून ये. मूळ प्रती कुणाकडे देऊ नकोस, अगदी संघात ठेवतो म्हणणाऱ्याकडेही. आणि हे ध्यानात घे, तू उद्या खो-खो खेळायची थांबलीस म्हणून मिळवलेलं प्रमाणपत्र कोरं होत नाही.

मग करू काय, असं तू विचारशील. मी तुझ्या जागी असते तर एक वर्ष ठरवून घेतलं असतं. या हंगामात मुख्य खेळ हर्डल्स. का, तर खो-खोत तू कुठवर जाऊ शकतेस याचा अंदाज आठ वर्षांत आलाय. हर्डल्समध्ये दोन आठवडेच झालेत, अंदाज यायला वेळ द्यायला हवा. खो-खो बंद करायचा नाही, पण जागा बदलायची : आठवड्यातून एकदा सरांच्या मैदानावर लहान मुलींना खांबावरची वळणं शिकवायची. सामना खेळायचा झाला तर विद्यापीठाची निवड चाचणी तेवढी, आणि तीही मैदानी स्पर्धेच्या तारखांच्या आड येत नसेल तर. दोन्हीच्या तारखा हिवाळ्यातच येतात, म्हणून वेळापत्रक जाहीर झालं की पहिल्या दिवशी दोन्ही सरांसमोर एकच कागद ठेव. ते दोघं एकमेकांशी बोलत नसतील तर कागदाला बोलू दे.

वही घाल. दर पंधरवड्याला साध्या ४०० मीटरची वेळ आणि हर्डल्सची वेळ, दोन्ही. या दोन वेळांमधलं अंतर कमी होत गेलं तर तू अडथळे शिकतेयस. अंतर तेच राहून दोन्ही कमी झाल्या तर तू फक्त जास्त वेगाने धावतेयस, तंत्र तिथेच अडकलंय. वर्षाअखेर ७८ची ७० झाली, तर पुढच्या वर्षीचा निर्णय घ्यायला कुणाला विचारायची गरज पडणार नाही. ७६वरच थांबली, तरी तू खो-खोला परत जाशील ती जास्त दमदार होऊन.

तू लिहिलंस की घरामागे ठिबकच्या जुन्या नळ्या दोन काठ्यांना बांधून अडथळे केलेत. वाचून हसू आलं, कौतुकही वाटलं. पण बांधू नकोस! काठीच्या खाचेत नळी नुसती टेकवून ठेव, आणि खाच पुढच्या बाजूला उघडी. खरा हर्डल पाय लागला की पुढे पडतो. बांधलेली नळी पडत नाही, पोरगी पडते. काळ्या मातीला उन्हाळ्यात भेगा पडतात, तिथे तर नकोच, शेतरस्ता बरा. खाण्याबद्दल संचालकांनी कुठल्याशा पावडरीचा डबा सुचवलाय, तो राहू दे. कळण्याची भाकरी, वरण, शेंगदाणे, दूध, केळी आणि घरात चालत असतील तर अंडी, हे पोटभर आणि वेळेवर. हिमोग्लोबिन मात्र तपासून घे. धाप लागते ती सरावाच्या कमतरतेने की रक्ताच्या, हे अंदाजाने कळत नाही.

हे पत्र वाचणाऱ्या क्रीडाशिक्षकांना एक विनंती, थोडक्यात. तुमची मुलगी दुसऱ्या खेळात चमकली तर ती बातमी तुमच्या शाळेच्या फलकावर पहिल्यांदा लागू द्या. 'आमची' म्हणून लागू द्या. पुढच्या वर्षी पाचवीतल्या मुलींचे आईबाप तुमच्याकडे त्यामुळेच येतील. आणि ज्यांच्या मुलींना दोन खेळ आवडतात त्या पालकांनी सोळा-सतरापर्यंत दोन्ही खेळू द्यावेत. रोज एकाच सांध्यावर तोच ताण देण्यापेक्षा ते बरं.

राहिली सरांची भेट. पेढे नेऊ नकोस, माफीचं भाषण पाठ करू नकोस. संध्याकाळी सराव संपतो, मुली खांबाची दोरी गुंडाळत असतात, त्या वेळी जा. फोटो मी आधी दाखवायला हवा होता, चुकलं, एवढं म्हण. मग ते सतरा-अठरा पावलांचं सांग आणि सरळ विचार, "सर, डावा पाय पुढे टाकताना मी कुठे कमी पडते?" त्यांना हर्डल्स माहीत नसतील, पण तुझा पाय माहीत आहे. ते बोलतील असं मला वाटतं. नाही बोलले, तर आठवड्याने पुन्हा जा. आठ वर्षांच्या ओळखीत दोन फेऱ्या जास्त नाहीत.

आणि पत्राच्या अगदी शेवटी, ताजा कलम म्हणून, एका ओळीत लिहिलंस की जिना उतरताना डावा गुडघा अधूनमधून 'अडकतो'. हे तू पहिल्या पानावर लिहायला हवं होतंस. झटक्यात वळण्याच्या खेळांत मुलींच्या गुडघ्याच्या आतल्या अस्थिबंधाला दुखापत होण्याचा धोका मुलग्यांपेक्षा जास्त असतो, आणि अडकणारा गुडघा बाम चोळून दडवायची गोष्ट नाही. वर मी जे जे लिहिलं ते सगळं गुडघा दाखवून आल्यानंतरचं. धुळे किंवा जळगावच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात अस्थिरोग विभाग आहे, तिथे दाखव. तोवर उड्या बंद, सायकल आणि चालणं चालेल. डॉक्टरांना नुसतं 'दुखतं' म्हणू नकोस; कधी, कुठल्या वळणावर, किती वेळ अडकतो ते सांग. आठवत नसेल तर सरांना विचार. तो गुडघा त्यांनी आठ वर्षं वळताना पाहिलाय.